कर्लीची वाळू एकाच वहीत मांडा

प्रति,
मा. जिल्हाधिकारी, सिंधुदुर्ग
तसेच महसूल, बंदरे, खारभूमी, जलसंपदा, वन आणि पर्यटन या खात्यांचे जिल्ह्यातील अधिकारी

विषय : कर्ली नदी, तिची खाडी आणि देवबागची पुळण यांचा एकत्र हिशेब ठेवण्याबाबत

महोदय,

कर्ली नदीचे कागद सरकारी कपाटांत निदान पाच ठिकाणी सापडतील. वाळूच्या लिलावाचा गठ्ठा वेगळा, देवबागच्या धूपप्रतिबंधक बंधाऱ्याचा वेगळा, खार बांधांचा वेगळा, वरच्या अंगाच्या कोल्हापुरी बंधाऱ्यांचा वेगळा आणि खाडीतल्या पर्यटक होड्यांचा वेगळा. या पाचही गठ्ठ्यांतली वाळू मात्र एकच. खाडीत जी ब्रासने मोजून विकली जाते, तिचीच वाट देवबागची पुळण बघत असते. एका हाताने वाळू विकायची आणि दुसऱ्या हाताने तिच्या जागी दगड विकत आणून टाकायचा, असा हा व्यवहार होऊन बसतो. आमचे म्हणणे एवढेच, की कर्लीच्या वाळूचा जमाखर्च एका वहीत, मोजून लिहावा आणि ती वही उघडून पाहिल्याशिवाय खाडीतला एकही लिलाव, बंधारा किंवा जेटी मंजूर होऊ नये.

ही वाळू येते कुठून, तिथूनच सुरुवात करावी लागेल. कर्ली मोठी नदी नव्हे. घाटापासून समुद्रापर्यंत सरळ रेघ ओढली तर ती पन्नासेक किलोमीटरांची होईल. माणगाव खोऱ्यात तिला निर्मला म्हणतात, कुडाळजवळ भंगसाळ, वेताळ बांबर्ड्याकडून पीठढवळ येऊन मिळते आणि नेरूरपार, वालावलच्या आसपास ती कर्ली होते. तिथे ती नदी कमी आणि खाडी जास्त असते. घाटमाथ्यावर काळा पाषाण आहे, पण त्याच्या खाली आणि पायथ्याला वालुकाश्म, क्वार्ट्झाइट आणि त्याहून जुने ग्रॅनाइट, नाइस असे गारगोटीने भरलेले खडक उघडे पडतात. रायगडच्या किनाऱ्यावरची वाळू काळपट आणि तारकर्लीची पांढरट, ती यामुळेच. काळ्या पाषाणाचा भुगा होऊन शेवटी चिखल होतो. गारगोटीचा कण झिजतो, पण विरत नाही. पावसाचे पाणी व्हाळांतून तो खाली आणते आणि जिल्ह्यात वर्षाला ३,००० मिलिमीटरच्या वर पडणारा पाऊस जवळपास सगळा जून ते सप्टेंबर या चार महिन्यांतच पडतो. म्हणजे वाळूच्या वहीत जमेची बाजू वर्षातून चार महिनेच लिहायची आहे. खर्च बारमाही.

आता देवबाग. मालवणहून दक्षिणेकडे तारकर्ली ओलांडली की जमीन अरुंद होत जाते. डाव्या हाताला कर्ली, उजव्या हाताला समुद्र, मध्ये एक रस्ता, माड आणि घरे. काही ठिकाणी तर रस्ता, एक घर आणि माडांच्या चार रांगा एवढीच रुंदी उरते. हा पट्टा थेट मोबारच्या टोकाला संपतो, पलीकडे वेंगुर्ला तालुक्यातले भोगवे. नकाशावर पाहिले तर समुद्राने नदीच्या तोंडावर वाळूची जीभ ओढून तिला दक्षिणेकडे वळायला लावले आहे. उत्तरेला गड नदीच्या मुखाशी तळाशिलची जीभही दक्षिणेकडेच टोक करून आहे. शेजारच्या दोन नद्यांवर एकच आकार दिसतो, त्याअर्थी इथे किनाऱ्याने सरकणाऱ्या वाळूचा कल एकंदरीत दक्षिणेकडे आहे. वर्षभर तसे नसते. पावसाळ्यात लाटा जोरदार असतात आणि वाळू एका दिशेने नेतात, पाऊस सरल्यावरच्या महिन्यांत मंद लाटा त्यातली काही परत आणतात. जीभ टिकते ती या येण्याजाण्यातल्या फरकावर. तो फरक थोडाच असतो, म्हणून त्यात केलेली ढवळाढवळ लगेच दिसते.

अशी जीभ जागेवर स्थिर नसते, आणि तिने स्थिर असावे हा हट्टच मुळात महागात पडतो. मोठ्या उधाणात लाट तिच्या डोक्यावरून जाते आणि समुद्राकडची वाळू खाडीकडच्या बाजूला टाकते. समोरून झीज, मागून भर, अशी ती पिढ्यान्‌पिढ्या कूस बदलत असते. समुद्राच्या अंगाला सलग दगडी भिंत घातली की लाट अडते, घर वाचते, आणि खाडीच्या अंगाला मिळणारी वाळू बंद होते. मग काही वर्षांनी खाडीकडून ढासळ सुरू झाली की तिकडेही भिंत मागितली जाते. भिंत नकोच, असे आम्ही म्हणत नाही. जिथे घराची पायरी आणि भरतीची रेषा यांत दहा पावले उरली आहेत, तिथे दुसरा उपाय नाही. पण दोन्ही बाजूंनी दगड लावलेली जीभ ही तळातून पोखरत जाणारी जमीन असते, हे लिहून ठेवूनच पुढचा दगड टाकावा.

भिंत घालायचीच तर ती कशी फसते तेही सांगतो. किनाऱ्याची पातळी वर्षभर सारखी नसते. मे महिन्यात पुळण सर्वांत भरलेली असते, जुलै-ऑगस्टात ती मीटर-दीड मीटर खाली गेलेली असते. अंदाजपत्रकाची मोजणी मे महिन्यात, बांधकामही मे महिन्यात. साहजिकच पायाचा दगड भरलेल्या वाळूवर बसतो आणि पहिल्याच आषाढात त्याच्या खालची वाळू निघून तो पुढे कलंडतो. पाया पावसाळ्यातल्या सर्वांत खालच्या पातळीच्याही खाली हवा, आणि ती पातळी कळायला पावसाळ्यातच मोजावे लागते. दुसरी चूक गाळणीची. मोठ्या दगडांच्या मागे जिओटेक्स्टाइलचे कापड आणि लहान दगडांचा थर नसेल, तर प्रत्येक लाट परतताना दगडांच्या फटींतून मागची वाळू ओढून नेते. बाहेरून भिंत शाबूत, आत पोकळी, आणि एके दिवशी रस्ता खचतो. तिसरे, दगडाचे वजन. लाटेची उंची दुप्पट झाली तर तेवढ्याच टिकावासाठी दगडाचे वजन दुप्पट करून भागत नाही, आठपट लागते. दोन टनांच्या दगडांत पाचशे किलोचे मिसळले तर सुटतात ते पाचशे किलोचेच, आणि मग त्यांच्यावर टेकलेले मोठे. जांभा हलका आणि सच्छिद्र, तो या कामाला चालत नाही. चौथे, भिंतीचे टोक. ती जिथे सरळ कापल्यासारखी संपते तिथे लाट वळते आणि शेजारच्याची जमीन खाते. शेवटचे वीस-पंचवीस मीटर उतरते करून आतल्या बाजूला वळवावे लागतात. कंत्राटात लांबी धावत्या मीटरने मोजली जात असल्याने हा वळसा नेमका गळतो.

समोरची पुळण भरायची असेल तर भिंतीपेक्षा वाळू बरी, आणि ती वाळू जवळच आहे. मुखासमोर वाळूचा दांडा साचतो, होड्यांची वाट अडते, मग तो काढण्याची मागणी मच्छीमारांकडूनच होते. ही मागणी रास्त आहे. पण काढलेली वाळू विकू नये, देवबागच्या समुद्राकडच्या पुळणीवर परत टाकावी. ती त्याच किनाऱ्यावरून आलेली आहे, तिच्या कणाचा आकार तिथल्या वाळूशी जुळतो. खाडीच्या आतला चिखलमिश्रित गाळ मात्र पुळणीवर टाकून उपयोग नाही, दोन उधाणांत तो धुऊन जातो आणि पाणी गढूळ करतो ते वेगळेच.

मुख किती रुंद आणि किती खोल राहणार हे कोण ठरवते? भरतीला आत येणारे आणि ओहोटीला बाहेर जाणारे पाणी. उधाणाला इथे भरती-ओहोटीत साधारण दोन-सव्वादोन मीटरांचा फरक पडतो, भांगाला, म्हणजे लहान भरतीच्या दिवसांत, मीटरभर किंवा त्याहून कमी. खाडीचा दर चौरस किलोमीटर दोन मीटरने भरला-ओसरला तर एका ओहोटीत २० लाख घनमीटर पाणी मुखातून बाहेर पडते. तेच पाणी दांडा खरवडून वाट मोकळी ठेवते. खाडीकाठ भराव टाकून अडवला, कांदळवनातल्या उपखाड्या बुजवल्या, की तेवढे पाणी कमी झाले आणि त्या प्रमाणात मुख गाळाने आकसले. वरच्या अंगाला टाकलेल्या भरावाची किंमत मोबारला होडीवाला मोजतो, दांड्यावर अडकून.

मुखाच्या आत, देवबागसमोर जी वाळूची पुळण ओहोटीला उघडी पडते तिला लोक त्सुनामी बेट म्हणतात. नाव २००४ च्या त्सुनामीवरून पडले. नाव काहीही असो, नदीमुखाच्या आत, पात्र रुंदावून भरतीचा वेग मंदावतो तिथे समुद्राची वाळू पडणारच. अशी पुळण मुखाच्या गाभ्यात सगळ्याच खाड्यांत असते आणि जागा बदलत राहते. पर्यटनाच्या दृष्टीने तिच्यावर कायम काही बांधायची कल्पना अधूनमधून कानी येते, म्हणून लिहितो: तिच्यावर एक खांबही रोवू नये. ती ज्या बाजूला सरकेल त्याच्या उलट काठाला प्रवाह लोटला जातो, आणि उलट काठ म्हणजे बहुधा देवबागची खाडीकडची बाजू.

आता वाळू उपशाबद्दल, कारण सगळ्यात जास्त गैरसमज इथेच आहेत. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट, अर्थात २.८३ घनमीटर. ५० मीटर लांब, २० मीटर रुंद आणि २ मीटर खोल खड्डा काढला की २,००० घनमीटर, म्हणजे सुमारे ७०० ब्रास वाळू निघते. आता एक हेक्टरची वाढती पुळण घ्या आणि तिच्यावरचा फक्त २० सेंटिमीटरचा थर उचला. तेही २,००० घनमीटरच होतात. महसूल सारखा, परिणाम मात्र जमीन-अस्मानाचा. पुळणीवरचा पातळ थर एका पावसाळ्यात भरून येऊ शकतो. पात्रातला खोल खड्डा आधी वरून येणारी वाळू गिळतो, म्हणजे खालच्या पुळणीला उपवास घडवतो, आणि मग आजूबाजूचा तळ आपल्याकडे ओढून घेतो. पाण्याखालची वाळू उभी राहत नाही. प्रवाहात ती साधारण एकास पाच अशा उतारावर येऊन थांबते. तीन मीटर खोल खड्ड्याची कड म्हणून पंधरा मीटरपर्यंत सरकत जाते. काठापासून दहा मीटरवर खड्डा काढून काठ शाबूत राहील ही अपेक्षाच चूक. काठ लगेच पडत नाही, पुढच्या पुरात पडतो, तेव्हा दोष पुराला दिला जातो.

हातपाटीने डुबी मारून काढलेली वाळू आणि सक्शन पंपाने ओढलेली वाळू यांना एकाच तराजूत घालू नये. माणूस बुडी मारून टोपलीने वाळू काढतो तेव्हा खोलीला त्याच्या श्वासाची मर्यादा असते, भरतीची वेळ सांभाळावी लागते, रात्री काम होत नाही. पंपाला यातले काहीच लागू नाही. शिवाय तिसऱ्या आणि मुळे हे शिंपले वाळूच्या वरच्याच थरात राहतात. पंप त्यांना बियाण्यासकट ओढतो, आणि त्या पट्ट्यात पुढची काही वर्षे ओहोटीला शिंपले वेचायला जाणाऱ्या बायकांना रिकाम्या हाताने परतावे लागते. वाळूगट, म्हणजे लिलावाचे पट्टे, ठरवताना या जागा नकाशावर दाखवायला कोणी तज्ज्ञ बाहेरून आणायला नको. ओहोटीला काठावर एक फेरी मारली आणि विचारले तरी पुरते.

आमचा प्रस्ताव असा. वालावलच्या खाली पात्राच्या मुख्य खोल धारेतून उपसा पूर्ण बंद. मोजणीत सलग दोन वर्षे वाढलेली दिसेल अशाच पुळणीवरून, वाढीच्या निम्म्याहून कमी, फक्त हातपाटीने. कोणत्याही काठापासून खड्ड्याच्या खोलीच्या दहापट अंतर. आणि कोरजाई ते मोबार या शेवटच्या पट्ट्यातून एक ब्रासही विक्रीसाठी नाही. तिथली वाळू देवबाग आणि भोगवे या दोन गावांच्या खात्यावरची आहे.

साठा मोजण्याची पद्धतही सुधारली पाहिजे. होडीतून खोली मोजायची आणि त्याच वेळी काठावरच्या भरतीपट्टीवर पाण्याची पातळी वाचायची नाही, असे झाले तर प्रत्येक आकड्यात एक-दोन मीटरपर्यंतची चूक शिरू शकते. एक हेक्टरच्या पुळणीवर केवळ अर्ध्या मीटरची चूक म्हणजे ५,००० घनमीटर, साडेसतराशे ब्रासच्या वर. नसलेली वाळू कागदावर उभी राहते, तिचा लिलाव होतो आणि घेणारा ती कुठून तरी भरून काढतोच.

खाडीकाठच्या खार जमिनींचे दुखणे वेगळे आहे, तरी तेही याच पाण्याचे. बांध मातीचा, त्यात उघाडी म्हणजे पाणी जायचे तोंड, उघाडीला खाडीच्या बाजूने टांगलेली झडप. भरती आली की पाण्याच्या दाबाने झडप मिटते, ओहोटी लागली की आतले पाणी तिला ढकलून बाहेर पडते. यंत्र इतके साधे, की बिघडायला कारणेही साधीच. बिजागरी गंजते, ओंडका किंवा प्लास्टिकची पिशवी झडपेत अडकते, लाकूड खाऱ्या पाण्यातल्या किड्याने पोखरले जाते, खालचे काँक्रीट पाण्याच्या धारेने उखडते. चार बोटांची फट राहिली तरी एका उधाणात शेतात खारे पाणी भरते. बांधाला कुर्ल्या भोके पाडतात, त्या भोकांतून आधी बारीक धार येते आणि मग खांड पडते. खांड पडल्यावर डंपरने लाल माती आणून टाकली तर ती पहिल्याच भरतीला वाहून जाते. तिथे खाडीतलाच चिकट चिखल, थर देऊन, चोपून घालावा लागतो आणि खाडीच्या अंगाला दगडी पिचिंग. ही कामे जानेवारी ते मे या काळातली. निविदा मार्चअखेर निघाली तर ती झाली नाहीत असेच समजावे.

उघाडीचा आकारही हिशेबाने ठरवायला हवा. ५० हेक्टरची खार आहे आणि दिवसात १०० मिलिमीटर पाऊस झाला, तर ५०,००० घनमीटर पाणी बाहेर काढायचे आहे. दोन ओहोट्या मिळून झडप दिवसातून दहाएक तास उघडी राहते. म्हणजे सेकंदाला सुमारे १.४ घनमीटर पाणी गेले पाहिजे. एक मीटर रुंद, एक मीटर उंच तोंडातून ते जेमतेम जाईल. या भागात पावसाळ्यात दिवसाला २०० मिलिमीटर पाऊस नवलाचा नाही. तेव्हा एवढ्या खारीला दोन तोंडे हवीत, आणि एक अडले तरी दुसरे चालू राहते हा फायदा वरचा. लावणीआधी पहिल्या पावसाने जमिनीतला खार धुऊन निघायचा असतो. त्यासाठी दोन-तीन आठवडे पाणी आत साठवायचे आणि ओहोटीला सोडायचे. झडप गळकी असेल तर धुण्याऐवजी भिजवणे होते. पनवेलच्या खारभूमी संशोधन केंद्राचे पनवेल १, २, ३ हे खार सोसणारे भाताचे वाण आहेत खरे, पण वाण सोसतो म्हणून झडप गळकी ठेवावी असे नाही.

देवबाग-तारकर्लीच्या विहिरींकडे कोणत्याच गठ्ठ्यात लक्ष गेलेले दिसत नाही. जिभेच्या वाळूत पावसाचे गोडे पाणी खाऱ्या पाण्यावर तरंगत असते. समुद्रसपाटीच्या वर गोड्या पाण्याची पातळी जितकी, त्याच्या सुमारे चाळीसपट खोलीपर्यंत खाली गोडे पाणी, असा ढोबळ नियम आहे. याचा उलटा अर्थ महत्त्वाचा: पंपाने पातळी दहा सेंटिमीटर खाली नेली तर खालून खारे पाणी चार मीटरपर्यंत वर यायला मोकळे होते. अरुंद जिभेवर गोड्या पाण्याचा थर मुळातच पातळ, आणि दोन्ही बाजूंना खारे पाणी. जुन्या विहिरी उथळ आणि रुंद का होत्या ते यावरून कळेल. तिथे बोअर मारणे म्हणजे गोड्याच्या खाली जाऊन खारे शोधणे. निवासाच्या खोल्यांना परवानगी देताना जिभेवर बोअरला बंदी, विहिरीवर लहान पंप आणि तो तासाभरात उपसून टाकण्याऐवजी दिवसभर थोडा थोडा चालवण्याची अट, आणि शोषखड्डा विहिरीपासून दूर, एवढे तरी घालावे. छपराचे पाणी हा दुसरा स्रोत. १०० चौरस मीटर छपरावर २,५०० मिलिमीटर पाऊस धरला तरी अडीच लाख लिटर होतात. साठवायला टाकी परवडत नसेल तर गाळून विहिरीत सोडले तरी त्या गोड्या थराला आधार मिळतो.

वरच्या अंगाच्या बंधाऱ्यांबाबत थोडक्यात. कोल्हापुरी बंधाऱ्याचे बरगे, म्हणजे पाणी अडवायच्या फळ्या, ऑक्टोबरनंतर घालायचे आणि जूनच्या आधी काढायचे असतात. वेळेवर काढले नाहीत तर पहिल्या पुराबरोबर येणारी, वर्षातली सर्वांत भरड वाळू तिथेच अडते. वनराईचे कच्चे बंधारे पुरात आपोआप वाहून जातात, त्यांचा त्रास नाही. नवीन कायम बंधारा घ्यायचा तर त्यात वाळू पुढे जाण्यासाठी तळाशी द्वारे हवीत आणि ती पावसाळ्यात उघडी हवीत.

कांदळवनाबद्दल कायदा पुरेसा कडक आहे, मुंबई उच्च न्यायालयाचे २०१८ चे आदेश आहेत, त्यावर आम्ही नव्याने काय लिहिणार! एकच विनंती: लागवडीचे उद्दिष्ट पुरे करण्यासाठी रोपे उघड्या वाळूवर किंवा शिंपल्यांच्या पुळणीवर लावू नयेत. तिथे ती जगत नाहीत. तिवर, चिपी यांना चिखल लागतो आणि दिवसातून ठरावीक वेळ पाणी उतरलेले लागते. जिथे जुनी उपखाडी बुजली आहे तिचे तोंड मोकळे केले तर बिया पाण्याबरोबर येऊन आपणच रुजतात, खर्चही वाचतो. तिथेच तांबोशी, चोणक, सुंगटांची पिल्ले वाढतात. खाडीतल्या वेगवान होड्यांच्या लाटा काठ खातात, हेही इथेच नोंदवतो. काठापासून ५० मीटरांच्या आत वेगावर बंधन घालून त्याचे फलक पाण्यात लावावेत.

वहीत काय लिहावे ते आता. तारकर्ली ते मोबार समुद्राच्या अंगाला दर २५० मीटरवर एक पक्की खूण, जुन्या चौथऱ्यावर किंवा विहिरीच्या काठावर. बंधाऱ्याच्या माथ्यावर नको, तो स्वतःच खचतो. त्या खुणेपासून पाण्यात कमरेएवढ्या खोलीपर्यंत महिन्यातून एकदा साध्या ऑटो लेव्हलने पातळी घ्यायची. अमावस्या-पौर्णिमेला इथे ओहोटी सकाळी आणि संध्याकाळी येते, उजेड मिळतो. नदीचे आडवे छेद पाच जागी: मोबार, कोरजाई, देवलीसमोर, नेरूरपार आणि वालावल, वर्षातून दोनदा, ऑक्टोबरात आणि मेमध्ये. प्रत्येक जागी काठाला भरतीपट्टी रोवलेली. त्याच पाच जागी पाण्याचा खारेपणा, भरती थांबते त्या क्षणी, एकदा पृष्ठभागावर आणि एकदा तळाशी. तळाचा आकडा वगळला तर मोजणी फुकट. खारे पाणी जड असते, ते तळाने आत शिरते आणि वर गोडे वाहत असते. एप्रिल-मे महिन्यांत ते किती वर पोचते यावर काठच्या विहिरी आणि उन्हाळी पिके अवलंबून आहेत. पावसाळ्यात, जेव्हा होडी काढता येत नाही, तेव्हा निदान पुळणीचे छेद तरी घ्यावेत, कारण बंधाऱ्याच्या पायाची पातळी ठरते ती त्याच आकड्यांवरून. एखादे वादळ आले तर आठवड्याच्या आत जादा मोजणी. २०१९ च्या दिवाळीत क्यार वादळ किनाऱ्यापासून दूर होते, पण ते नेमके अमावस्येच्या उधाणावर आले, आणि पावसाळ्याने खरवडलेली पुळण तेव्हा पुरती भरलेली नव्हती. मे २०२१ चे तौक्ते भरलेल्या पुळणीवर आले. दोन्हींच्या आधीचे आणि नंतरचे छेद आज हाताशी असते तर कुठे भिंत लागते आणि कुठे वाळू पुरते, हा वाद आकड्यांनी मिटला असता.

हे आकडे देवबाग, तारकर्ली, भोगवे, कोरजाई, वालावल आणि नेरूर या ग्रामपंचायतींच्या फलकावर लावावेत, आणि वाळूगटांची यादी ठरवण्याच्या बैठकीत त्यांची प्रत प्रत्येक खात्याच्या हातात असावी. होड्या आणि पाण्याची जाण असलेली माणसे दोन्ही काठांवरून आम्ही देऊ. लेव्हल यंत्र आणि मोजणीदार आपल्याकडून हवा आहे. नारळी पौर्णिमेनंतर समुद्र शांत व्हायला लागतो, खुणा तेव्हाच रोवून घेता येतील. पहिली पूर्ण मोजणी कोजागरीच्या ओहोटीला धरावी आणि तोपर्यंत कर्लीतल्या वाळूगटांचा लिलाव काढू नये, ही विनंती.

आपले,
कर्ली खाडीच्या दोन्ही काठांवरचे मच्छीमार, खार शेतकरी आणि माडबागायतदार